विहिरीच्या तोंडाशीं

चिचेन इत्सा ह्या नांवाचा अर्थ ‘इत्सा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशीं’ असा होतो, हें आम्हांस आधीं कळलें असतें तर आम्ही त्या सहलीस गेलों असतों कीं नाहीं, याची शंकाच आहे. माया भाषेंत ‘ची’ म्हणजे तोंड व ‘चेन’ म्हणजे विहीर. पण ही व्युत्पत्ति आमच्या कानीं पडली ती मोटार निम्मी वाट चालून गेल्यावर, आणि तेव्हां उतरून परत फिरण्याची सोय नव्हती.

विहिरींशीं आमचें सख्य नाहीं. त्याचें कारण पुढें येईलच. तूर्त एवढें सांगितलें म्हणजे पुरे, कीं आमचें बालपण सातारा जिल्ह्यांतल्या एका गांवीं गेलें, तेथें घराच्या मागें मोटेची विहीर होती, आणि वयाच्या आठव्या वर्षानंतर आम्हीं कोणत्याही विहिरींत वांकून पाहिलेलें नाहीं. पुढें पुण्यास बिऱ्हाड केलें तें नळाच्या पाण्यावर. लिंब गांवची बारा मोटांची विहीर पाहण्याचा मित्रमंडळींनीं कितीदां तरी आग्रह केला. जुन्या बांधकामाची आवड असूनही दर वेळीं कांहीं ना कांहीं निमित्त काढून आम्हीं तो प्रसंग टाळला.

चिरंजीव टेक्सासमध्यें नोकरीस असतात. 2025 सालच्या जानेवारींत आम्ही उभयतां त्यांच्याकडे होतों, आणि थंडीचे चार दिवस मेक्सिकोच्या किनाऱ्यावर काढावेत असा बेत ठरला. नातू त्या वेळीं अकरा वर्षांचा होता. त्यानें माया लोकांविषयीं बरेंच कांहीं वाचलेलें होतें, आणि विमानांतच टिंबें व रेघा काढून तो आम्हांस त्यांचे अंक शिकवूं लागला. टिंब म्हणजे एक, रेघ म्हणजे पांच, आणि शून्याला शिंपला. “आजोबा, शून्य त्यांनीं स्वतःच शोधून काढलं, आपल्याकडून नाही घेतलं,” असें त्यानें आम्हांस बजावून सांगितलें. शून्याचा मक्ता आपल्याकडेच, ह्या समजुतींत सारें आयुष्य घालविलेल्या माणसास पंचाहत्तरीला आल्यावर नातवाच्या तोंडून ही बातमी ऐकावी लागली! पण ती खरी आहे.

सहलीचा कार्यक्रम छापील होता. सकाळीं अवशेष पाहणें, मग भोजन, मग ‘नैसर्गिक कुंडांत जलविहार’. कुंड म्हणजे आपल्याकडील तीर्थकुंडासारखें चार पायऱ्यांचें कांहीं असेल, मंडळी पाय बुडवतील, आम्ही सांवलींत बसूं, असा आमचा हिशेब होता.

कानकूनहून चिचेन इत्सा सुमारें 200 किलोमीटर. रस्ता सुतासारखा सरळ, आणि दोहों बाजूंस बुटकें, दाट, एकसारखें रान. तास दीड तास झाला तरी एक टेकडी नाहीं, नदी नाहीं, साधा ओढाही नाहीं. वाटेंत पाण्यावरचा पूल म्हणून लागला नाहीं. क्विन्ताना रो संस्थान संपून युकातान लागलें तेव्हां सर्वांनीं घड्याळें एक तास मागें केलीं. ह्या फुकट मिळालेल्या तासाचा नातवाला फार आनंद झाला.

आमचा वाटाड्या पन्नाशीच्या घरांतला, ठेंगणा, रुंद चेहऱ्याचा गृहस्थ होता. डोक्यावरची गवती टोपी काढून पागोटें घातलें असतें, तर आमच्या गांवच्या पारावर तो सहज खपून गेला असता. घरीं तो माया भाषा बोले, सारथ्याशीं स्पॅनिश आणि आमच्याशीं इंग्रजी. त्याचें पहिलें वाक्य असें होतें, कीं माया लोक गूढ रीतीनें नाहींसे झाले असें आपण वाचलें असेल. तर मंडळी, आम्ही कोठेंही गेलेलों नाहीं, आणि आज तुमच्या भोजनाचे पैसे घेणारी बाई माझी मेहुणी आहे.

नदी कां नाहीं, ह्याचा उलगडा त्यानेंच केला. युकातानची सारी भूमि चुनखडीची. पडलेला पाऊस जमिनीवर ठरतच नाहीं. दगडाच्या रंध्रांतून खालीं जातो आणि भुईच्या पोटांत वाहतो. पाण्यानें पोखरलेल्या गुहेचें छत एखाद्या दिवशीं कोसळतें, आणि आंतलें पाणी उघडें पडतें. ह्या खड्ड्यास माया लोक ‘त्सोनोत’ म्हणत. स्पॅनिश तोंडांत त्याचें ‘सेनोते’ झालें. वायव्येकडच्या भागांत अशा कुंडांची एक भली मोठी कमान आहे. सुमारें 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वीं तेथें जो अशनि कोसळला, त्यानें पाडलेल्या विवराच्या कडेकडेनें तीं कुंडें आहेत. राज्यें, देवळें, बाजार सर्व ह्या खड्ड्यांच्या आधारानें उभें राहिलें. आणखी एक गोष्ट त्यानें सांगितली, ती आमच्यासारख्या मोटेच्या गांवच्या माणसास विशेष लागली. ह्या लोकांपाशीं बैल नव्हता. ओढकामाचें कोणतेंच जनावर नव्हतें. म्हणजे मोट नाहीं, नाडा नाहीं, धांव नाहीं. पाणी वर आणावयाचें तें माणसाच्या पाठीवरून. कॅथरवुड नांवाच्या इंग्रज चित्रकारानें 1844 सालीं प्रसिद्ध केलेल्या चित्रांत बोलोनचेन येथील गुहेंतली एक प्रचंड शिडी आहे, आणि तिच्यावरून मडकीं घेऊन चढणारीं माणसें मुंग्यांएवढालीं दिसतात. वाटाड्यानें तें चित्र आम्हांस दाखविलें, आणि आपली आजीही अशीच पाणी भरीत असे, असें तो सहज म्हणाला.

मुख्य मंदिराविषयीं सर्वत्र इतकें छापून आलेलें आहे, कीं आम्हीं त्यांत भर घालण्याचें कारण नाहीं. चार बाजूंस प्रत्येकीं एक्याण्णव पायऱ्या आणि वरचा एक चौथरा, मिळून वर्षाचे 365 दिवस होतात. विषुवदिनाच्या सुमारास मावळतीचें ऊन कडेवर अशा रीतीनें पडतें, कीं उजेडाचे त्रिकोण पायथ्याच्या दगडी सर्पमुखास जाऊन मिळतात आणि साक्षात् नाग उतरत असल्यासारखें दिसतें. आम्ही गेलों त्या दिवशीं नाग नव्हता. ऊन मात्र होतें. वर चढण्यास 2006 च्या सुमारासच बंदी झालेली आहे, हें कळल्यावर आमच्या गुडघ्यांस समाधान वाटलें. वाटाड्यानें पायऱ्यांसमोर उभें राहून टाळी वाजविली. परत आलेला ध्वनि टाळीचा नव्हता, पांखराच्या चीत्कारासारखा होता. क्वेत्साल पक्षी असा ओरडतो म्हणे. मग पंचवीस-तीस प्रौढ माणसें भर उन्हांत उभीं राहून दगडांस टाळ्या वाजवूं लागलीं, आणि आम्हीही त्यांत होतों.

168 मीटर लांबीचें चेंडूचें मैदान पाहिलें. सुमारें 6 मीटर उंचीवर भिंतींत बसविलेलीं दगडी कडीं पाहिलीं. रबराचा भरीव चेंडू कमरेच्या धक्क्यानें उडवीत खेळत असत, हें ऐकून कोणाचाही विश्वास बसेना. भिंतीवर मस्तक उडविलेला खेळाडू कोरलेला आहे, आणि त्याच्या मानेंतून रक्ताऐवजीं सर्प निघत आहेत. हें चित्र पाहिल्यापासून आमच्यांतल्या एका तरुण गृहस्थास दुसरें कांहीं सुचेना. प्रत्येक ठिकाणीं त्याचा प्रश्न एकच: येथें किती मारले?

मंदिरापासून पवित्र विहिरीकडे एक जुना रस्ता जातो. तो सुमारें 300 मीटर आहे. दोहों बाजूंस दुकानें मांडलेलीं; लांकडी मुखवटे, भरतकामाचे पांढरे झगे, आणि फुंकल्यावर वाघासारखी डरकाळी काढणाऱ्या मातीच्या शिट्ट्या. नातवानें एक घेतली. त्या डरकाळ्या ऐकत आम्ही झाडाखालीं थांबलों. तुम्ही पाहून या, आम्ही येथें बसतों, असें म्हणालों. सौ. नीं आमच्याकडे पाहिलें, पण त्या कांहीं बोलल्या नाहींत. पुढें झाडी संपत होती आणि एकदम आकाश दिसत होतें. विहीर असते तेथें झाडींत असेंच आकाशाचें भोंक पडलेलें असतें, हें आम्हांस ठाऊक आहे. नातवानें हात धरला, आणि आम्ही उठलों.

ती विहीर म्हणजे सुमारें 60 मीटर रुंदीचा वाटोळा कडा आहे. सरळ तुटलेल्या भिंती, आणि वीस मीटरांहून अधिक खोल, हिरवें, हालचाल नसलेलें पाणी. पिण्याचें पाणी ह्या विहिरीचें नसे. त्यासाठीं गांवांत दुसरें कुंड होतें. हें पाणी चाक ह्या पर्जन्यदेवाचें. एडवर्ड टॉम्सन नांवाच्या अमेरिकन वकिलातींतल्या गृहस्थानें 1894 सालीं ही सारी जमीनच विकत घेतली, आणि 1904 पासून कांहीं वर्षें यारीनें तळचा गाळ उपसला. हरिन्मणि, सोनें, तांब्याच्या घंटा, धुपाचे गोळे आणि हाडें निघालीं. तीं मुकाट्यानें हार्वर्डच्या संग्रहालयांत गेलीं. त्यांतल्या कांहीं वस्तु 1970 च्या दशकांत मेक्सिकोस परत मिळाल्या. रूपवती कुमारिकांस येथें लोटून देत, ही कथा तेव्हांपासून फार पसरली. हाडें तपासल्यावर दिसून आलें तें निराळें होतें. त्यांत पुरुष होते, स्त्रिया होत्या, आणि मुलें पुष्कळ होतीं.

“किती?” तरुण गृहस्थानें विचारलेंच.

वाटाड्यानें त्याला उत्तर दिलें नाहीं. त्यानें 1967 सालीं ह्या विहिरीजवळच सांपडलेल्या एका भुयारी टाक्याची हकीगत सांगितली. त्यांत शंभराहून अधिक मुलांचीं हाडें होतीं. त्यांतल्या 64 जणांची आनुवंशिक तपासणी होऊन तिचा निष्कर्ष 2024 च्या जूनमध्यें ‘नेचर’ ह्या शास्त्रीय पत्रांत प्रसिद्ध झाला. चौसष्टही मुलगे. बहुतेक तीन ते सहा वर्षांचे. कित्येक एकमेकांचे भाऊबंद, आणि दोन जोड्या तर हुबेहूब जुळ्या भावांच्या. शास्त्रज्ञांनीं जवळच्या गांवांतल्या आजच्या माया लोकांचेंही रक्त तपासलें, आणि नातें जुळलें. “म्हणून,” तो म्हणाला, “किती, असं आपण विचारतां तेव्हां मला आंकडा सुचत नाही. ते आमच्या घरचे आहेत.”

कोणी कांहीं बोलेना. तेवढ्यांत सौ. नीं आपल्या मोडक्यातोडक्या इंग्रजींत विचारलें, “आणि त्यांच्या आया?”

वाटाड्यानें टोपी काढून पुन्हां घातली. बावीस वर्षें मी हें काम करतों आहें, तो म्हणाला. त्यांच्याविषयीं कोठेंही कांहीं लिहिलेलें नाहीं. मग त्यानें लांदा नांवाच्या स्पॅनिश पाद्र्याचें नांव घेतलें. 1562 सालीं मानी येथें माया लोकांच्या पोथ्या जाळणारा हाच. आज त्या जातीच्या अवघ्या चार पोथ्या जगांत उरल्या आहेत. आणि त्याच लांदानें पुढें ह्या लोकांविषयीं सविस्तर ग्रंथ लिहिला! अवर्षण पडलें म्हणजे हे लोक जिवंत माणसें ह्या विहिरींत टाकीत, असें तो सांगतो. टाकलेलीं माणसें मरत नाहींत अशी त्यांची श्रद्धा होती. मात्र तीं पुन्हां कधीं दिसत नसत.

हें ऐकून तरुण गृहस्थ “रानटी!” असें पुटपुटला. आम्हांस त्याचा राग आला नाहीं. पण त्याच्या शेजारीं उभें राहवेनासें झालें. कारण ही गोष्ट आम्ही लहानपणीं दर श्रावणांत मुठींत अक्षता धरून ऐकत असूं. शीतला सप्तमीची कहाणी आमच्या वाचकांच्या घरींही कोणी ना कोणी वाचली असेल. राजा गांवासाठीं तळें बांधतो, पण त्याला पाणी लागत नाहीं. जलदेवता सुनेचा वडील मुलगा बळी मागतात. राजा सुनेला माहेरीं धाडतो, नातवाला न्हाऊं-जेवूं घालतो, दागिन्यांनीं नटवितो आणि तळ्यांत ठेवतो. पाणी येतें. त्या राजास कोणीं रानटी म्हटल्याचें आम्हांस आठवत नाहीं. तो गांवाचें भलें पाहणारा राजा होता, आणि आम्हां पोरांचें लक्ष पुढच्या नैवेद्याकडे असे. मग सून परत येते, पाण्यांत उभी राहते आणि देवीला प्रार्थना करते, कीं आमच्या वंशांतलें जें कोणी पाण्यांत बुडालें असेल तें आम्हांस परत मिळो. तेव्हां पाण्याखालून कोणीतरी तिचे पाय ओढतें. पाहते तों तिचाच मुलगा.

1957 च्या वैशाखांत आमचा वडील भाऊ विहिरींत गेला. आम्ही त्याला दादा म्हणत असूं. तो अकरा वर्षांचा होता व आम्ही आठ. पाठीला सुका भोपळा बांधून त्यानेंच आम्हांस पोहावयास शिकविलें. सूर मारून तो पाण्याखालीं किती वेळ राहतो तें आम्हीं कांठावरून मोजावयाचें, हा आमचा नेहमींचा खेळ होता. वैशाखांत पाणी उतरलेलें होतें आणि खडक वर आलेला होता, हें दोघांच्याही ध्यानांत आलें नाहीं. आम्हीं शंभर मोजले. दादानें पण जिंकला म्हणून टाळी वाजविली, आणि तो आणखी मोठा पण जिंकीत आहे असें समजून पुन्हां एकापासून मोजूं लागलों.

त्या श्रावणांत आई कहाणी वाचणार नाहीं, असें सर्वांस वाटलें होतें. तिनें वाचली. वाचून झाल्यावर नैवेद्याचें पान घेऊन ती विहिरीच्या पायऱ्या उतरली. विहीर भरलेली होती. गुडघाभर पाण्यांत ती बराच वेळ उभी राहिली, आणि आम्ही परसदारांतून पाहात होतों. पुढें हातपाय चालत होते तोंवर तिनें हा नेम मोडला नाहीं. पाण्यांतून वर येतांना ती नेहमीं आपल्या पावलांकडे पाही. आम्हीं तिला त्याविषयीं कधीं विचारलें नाहीं, आणि आम्ही मोजीत होतों हेंही तिला कधीं सांगितलें नाहीं. सौ. ना सांगितलें तें लग्नानंतर वीस वर्षांनीं. चिरंजीवांस एवढेंच ठाऊक आहे, कीं आपल्याला एक काका होते.

जेवण मक्याच्या भाकरी, काळा घेवडा आणि जिभेला चटका देणारी मिरची, असें होतें. शेवटीं चिकू आले. चिकूचें झाड मूळ ह्याच मुलुखांतलें. माया देवळांच्या दारांवर त्याच्याच लांकडाच्या तुळया घालीत. घोलवडचा चिकू आपला म्हणणारे आम्ही, येथेंही थोडे वरमलों.

जलविहाराचें ठिकाण जवळच होतें. त्याला इक किल म्हणतात. चार पायऱ्यांचें तीर्थकुंड कसलें! जमिनीच्या पातळीपासून 26 मीटर खालीं पाणी, आणि तेथपर्यंत खडकांतून खोदलेला जिना. वरच्या कडेवरून झाडांच्या मुळ्या दोरांसारख्या थेट पाण्यापर्यंत लोंबत होत्या. आधीं सर्वांनीं अंग धुवावयाचें, तेल-उटणें कांहीं ठेवावयाचें नाहीं, आणि तरंगण्याचें जाकीट घातल्याखेरीज उतरावयाचें नाहीं, असे नियम होते. नातवानें केशरी जाकिटाचे पट्टे आंवळले आणि आमच्यापुढें येऊन उभा राहिला. “आजोबा, जाऊं?”

चिरंजीव आमच्याकडे पाहात होते. त्यांस काय वाटलें कोण जाणे. खालून ओल्या दगडाचा, शेवाळाचा वास येत होता. मोटेच्या विहिरीला असतो तोच वास. “जा,” आम्हीं म्हटलें, “पण आम्हीही खालीं येतों.”

कठड्याला धरून, दर वळणावर थांबत, आम्ही तो जिना उतरलों. नातू तोंवर उडी मारून मोकळा झाला होता. उडीचा आवाज आला तेव्हां आम्ही अर्ध्यावर होतों, आणि मोजावयाचें नाहीं असें ठरवूनही मोजूं लागलों. दोन झाले नाहींत तों केशरी जाकीट वर आलें. जाकीट तेवढ्यासाठींच असतें.

खालच्या पायरीवर आम्ही बसलों, विजारी गुडघ्यापर्यंत दुमडल्या आणि पाय सोडले. पाणी गार होतें, पण अंग शहारावें इतकें नव्हे. लहान काळे मासे येऊन बोटांशीं घोटाळत होते. मान वर केली तों आभाळ ताटाएवढें वाटोळें दिसलें, आणि मुळ्यांवरून थेंब एकेक करून आमच्या तोंडावर पडत होते. कितीतरी वर्षांनीं आम्ही विहिरींतून आभाळ पाहात होतों. दादा उताणा तरंगत असे आणि आम्हांस हांक मारून सांगत असे, कीं वरून काय पाहतोस, खालून बघ.

तेवढ्यांत कोणीतरी आमचा पाय धरून जोरानें ओढला.

नातू होता. बाजूनें हळूच पोहत येऊन पाण्यांतून त्यानें आमचा घोटा पकडला होता, आणि आम्ही दचकलों म्हणून तो खदखदां हंसत होता. आम्हीं त्याचें मनगट धरलें. “आजोबा, सोडा ना, दुखतंय,” असें तो म्हणाला तेव्हां आपण किती घट्ट धरलें आहे तें आमच्या ध्यानांत आलें. सोडलें. तो पुन्हां मुळ्यांकडे पोहत गेला. सौ. दोन पायऱ्या वर उभ्या होत्या. त्यांनीं पदरानें आपलें तोंड पुसलें, आणि खालीं येऊन आमच्या शेजारीं ओल्या दगडावर बसल्या. तेथून वाटाड्यानें निघण्याची वेळ झाली म्हणून हांक मारीपर्यंत आम्ही दोघेंही उठलों नाहीं.

परतीच्या वाटेवर अंधार पडला. नातू ओलें डोकें आमच्या खांद्यावर टाकून झोंपला होता, आणि ती डरकाळीची शिट्टी त्याच्या मुठींत होती. क्विन्ताना रोच्या हद्दीवर सारथ्यानें आठवण केली, तेव्हां सर्वांनीं घड्याळें पुन्हां एक तास पुढें केलीं. आमचा डावा हात त्याच्या मानेखालीं अडकलेला होता, म्हणून आमचें घड्याळ त्या रात्रीं मागेंच राहिलें.